चुकीचं पाठ झालेली बोटं

मुरुमच्या बाजारपेठेत मला माझ्या नावानं ओळखणारे फार थोडे. 'टायपिंगवाले सर' म्हटलं की मात्र रिक्षावाला थेट दारात आणून सोडतो. हल्ली तोच रिक्षावाला वर विचारतो, "सर, आजून चालू हाय व्हय तुमचं? आता तर फोनमदी बोललं की आपोआप उमटतंय." मी म्हणतो, "उमटू दे की. तुझी रिक्षा बोलून चालती का?" तो हसतो, मी उतरतो आणि जिना चढून वर जातो. इन्स्टिट्यूट अजून चालू आहे. आता माझा पुतण्या बघतो. मी सकाळी जाऊन बसतो आणि पोरांच्या बोटांवर नजर ठेवतो. दुसरं मला काही येत नाही.

धंदा काय आहे ते आधी सांगतो, कारण टायपिंग म्हणजे बटणं दाबणं असंच बहुतेकांना वाटतं. टायपिंग म्हणजे न बघता बटणं दाबणं. माझा सगळा धंदा 'न बघता' या दोन शब्दांवर उभा आहे. मला कुणी विचारलं, की 'म' हे अक्षर कीबोर्डवर कुठं आहे, तर मला सांगता येत नाही. खरंच येत नाही. मी दोन्ही हात हवेत धरतो, मनात 'म' म्हणतो आणि कोणतं बोट हलतं ते बघतो. डाव्या हाताचं मधलं बोट वर सरकतं. मग मी सांगतो, की म तिथं आहे. म्हणजे जे मला माहीत नाही ते माझ्या बोटांना माहीत आहे. उभी हयात हे शिकवण्यात गेली, तरी या गोष्टीचं नवल अजून ओसरलेलं नाही.

शिकणाऱ्याला हे पटवून देणं मोठं जिकिरीचं काम असतं. माणसाची नजर खाली बटणांकडे पळतेच. त्यासाठी मी पोरांच्या हातांवर टॉवेल टाकायचो. पालक जिन्यातून डोकावून बघायचे आणि पोराला वाफारा देताहेत की काय असं त्यांना वाटायचं. टॉवेलाखाली बोटं आधी चाचपडतात, चुकतात, रडकुंडीला येतात. मग एके दिवशी सकाळी पोरगं येतं, बसतं आणि काल संध्याकाळपर्यंत जे जमत नव्हतं ते सरळ करून दाखवतं. मधे झालेलं असतं काय? तर काही नाही, पोरगं झोपलेलं असतं. बोटं झोपेत अभ्यास करतात हे माझं जुनं मत आहे. मी काही मेंदूचा डॉक्टर नाही, पण हे इतक्यांदा बघितलंय की आता कुणी खोटं ठरवलं तरी ऐकायचा नाही.

मग फोन आले. नवी पोरं यायला लागली ती दोन अंगठ्यांची. बाकीची आठ बोटं फोनला आधार द्यायला. अंगठे मात्र असे धावायचे की मी तोंडात बोट घालावं. त्यांना दहा बोटांवर आणायचं म्हणजे धावत्या माणसाला बसवून रांगायला लावण्यासारखं होतं. "सर, माझा स्पीड कमी झाला की ओ," अशी तक्रार घेऊन ती रोज यायची. एक गृहस्थ तर पुढारी होते, त्यांना व्हॉट्सअॅपवर लांब मजकूर लिहायची हौस. नेटानं शिकले. शिकल्यावर एवढं एवढं लिहायला लागले की गावाच्या ग्रुपमधून माणसं पटापट बाहेर पडली. त्यातल्या काहींनी मला रस्त्यात गाठून विचारलं, "त्याला कामून शिकवलात?" धंद्यात असेही दोष पदरी येतात.

पण आज ज्यांच्याविषयी सांगायला बसलोय त्या सुनंदा गायकवाड.

चाळिशीच्या बाई. नवरा तालुक्याच्या एका सरकारी कार्यालयात लिपिक होता, आजारपणात गेला. त्याच्या जागी यांना अनुकंपा तत्त्वावर नोकरी मिळाली. अशा नोकरीला एक अट असते. ठरलेल्या मुदतीत मराठी टायपिंगची परीक्षा पास व्हायची, नाही तर नोकरी जाते. दुःखाच्या दिवसांत त्यांनी पहिला प्रयत्न केला होता तो वाया गेला. आता मुदतीत बसेल अशी एकच परीक्षा उरली होती. मुलगी प्रज्ञा लातूरला नर्सिंगच्या दुसऱ्या वर्षाला. घरात तिसरं कुणी नाही. ही नोकरी गेली तर पोरीचं शिक्षण मधेच थांबणार, इतकं ते सरळ होतं.

"जय भीम, सर," म्हणून बाई आत आल्या, खुर्चीत बसल्या आणि म्हणाल्या, "सर, मला येतंय. घरी शिकलेय मी. फक्त तुमच्याकडं बसून स्पीड वाढवायचाय."

असं म्हणणारे बरेच येतात. मी पुतण्याकडं बघून गालात हसलो आणि त्यांच्यापुढं उतारा ठेवला. म्हटलं, "करा सुरुवात."

आणि मी बघतच राहिलो. पाठ ताठ, मनगटं हलकी, नजर कागदावर खिळलेली. बटणांकडं एकदा बघितलं नाही. स्क्रीनकडंही बघितलं नाही. दहाच्या दहा बोटं आपापल्या जागी. असा हात मी माझ्या उत्तम विद्यार्थ्यांतही क्वचित बघितलाय. मनात म्हटलं, ही बाई आपल्याकडं कशाला आली?

अर्धं पान झालं. बाईंनी मान वर करून स्क्रीनकडं बघितलं आणि त्यांचा चेहराच उतरला.

स्क्रीनवर मराठी नव्हतं. अक्षरं मराठीच होती, पण शब्द एकही नव्हता. 'कागद' लिहायचा तिथं आधी एक अधांतरी काना, मग 'मपव'. सगळं पान असंच.

"कॉम्प्युटर बिगडलाय का ओ सर?" त्यांनी हळूच विचारलं.

पुतण्यानं दुसऱ्या कॉम्प्युटरवर बसवलं. तिथंही तेच. त्याला वाटलं, बाईंना काहीच येत नाही, उगाच बोटं नाचवतात. पण मी ते पान छापून घेतलं आणि चष्मा लावून बसलो. प्रत्येक 'क'च्या जागी काना होता. प्रत्येक कान्याच्या जागी 'म' होता. एकदाही यात बदल नव्हता. 'र' मात्र सगळीकडे बरोबर. चुका अशा शिस्तीत येत नसतात. ज्याला येत नाही त्याची चूक दर वेळी वेगळी असते. एकच चूक इतकी नेमानं करायला माणूस चांगला शिकलेला असावा लागतो.

मी विचारलं, "बाई, तुम्ही शिकलात कुठं?"

"मोबाइलवर, सर. व्हिडिओ बघून. प्रज्ञानं लिंक पाठवली होती. मोबाइलला जोडायचा कीबोर्ड पण तिनंच पाठवला. रोज रात्री जेवण झाल्यावर बसत होते. लई महिने."

तेव्हा उलगडा झाला. मराठी टायपिंगच्या दोन मांडण्या आहेत. एक जुन्या टंकयंत्रावरून आलेली, तीच आम्ही शिकवतो, आणि बाईंनी परीक्षेचा फॉर्म तिचाच भरला होता. दुसरी नंतर कॉम्प्युटरसाठी केलेली. ती काही वाईट नाही, उलट शिकायला सोपी आहे. पण एकीत 'क' डाव्या हाताच्या मधल्या बोटाखाली, तर दुसरीत उजव्या हाताच्या मधल्या बोटाखाली. 'र' तेवढा दोन्हीकडे एकाच जागी. व्हिडिओतल्या माणसानं 'मराठी टायपिंग शिका' एवढंच सांगितलं. मांडण्या दोन आहेत हे सांगायचं त्याला सुचलं नाही, आणि विचारायचं बाईंना माहीत नव्हतं. समोर मास्तर असता तर पहिल्याच दिवशी तोंडातून निघालं असतं. फोनमधला मास्तर आपलं सांगून मोकळा होतो.

बाईंनी शांतपणे ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "म्हणजे मी चुकीचं शिकले."

"चुकीचं नाही. दुसरं शिकलात."

"माझ्यासाठी एकच झालं की, सर."

फॉर्ममध्ये बदल होतो का याची मी चौकशी केली. मुदत टळून गेली होती. त्या संध्याकाळी प्रज्ञाचा फोन आला. रडत होती. "सर, लिंक मीच पाठवली ओ. मम्मीची नोकरी माझ्यामुळं जाईल." मी तिला दरडावलं, "तू आपला अभ्यास कर. नोकरी कुठं जात नाही." दरडावलं खरं, पण माझा स्वतःचाच त्यावर विश्वास नव्हता. कारण मला माहीत होतं ते त्या पोरीला माहीत नव्हतं. नवख्याला शिकवणं सोपं. त्याची जमीन मोकळी असते. पण एकदा नीट पाठ झालेलं बोटांतून पुसता येत नाही. काळ्या रानात गाडीची चाकोरी पडली की चाक आपोआप तिच्यातच जातं, तसं ते असतं.

आणि झालंही तसंच. पहिले दोन आठवडे नुसता गोंधळ. बाई 'क' म्हणून डावं बोट उचलायच्या, तोवर उजवं बोट आपलं काम करून मोकळं. सावकाश केलं तर जमायचं, जरा वेग घेतला की जुनं उसळून वर यायचं. पुढं तर दोन्ही मांडण्यांची मिसळ झाली. नवी येईना आणि जुनीही राहिली नाही. एके दिवशी त्यांना स्वतःचं आडनाव नीट टाइप करता आलं नाही. हात मांडीवर ठेवून बसून राहिल्या.

"सर, माझं डोकंच बंद पडलंय. वय झालं माझं. हापिसात सगळे म्हणतेत, फोनमदी बोला, उतरवून घ्या, चिकटवा. कामं होतेतच की तशी. मग ही परीक्षा कशाला ठेवली असंल?"

खरं सांगायचं तर त्यांचं म्हणणं मला पटत होतं. जग बोलून लिहायला लागलंय आणि ही बाई बोटांच्या जागेवरून नोकरी गमावणार! मला परीक्षेचा राग आला, व्हिडिओवाल्याचा आला आणि थोडा माझ्या धंद्याचाही आला. पण राग येऊन बोट हलत नाही. मी म्हटलं, "उद्या या. वय झालंय म्हणायचं असेल तर माझ्यासमोर म्हणू नका. मी तुमच्यापेक्षा मोठाय आणि परवाच यूपीआय शिकलोय."

दुसऱ्या दिवशी त्या आल्या आणि लाईट गेली. आमच्याकडं लाईट जाणं ही काही बातमी नव्हे. सगळे कॉम्प्युटर गप्प झाले, पोरं खाली चहाला पळाली. कोपऱ्यात आमचं जुनं टंकयंत्र आहे. बाकीची सगळी मी भंगारात घातली, त्याची हळहळ आजही वाटते. हे एकच मोडीत द्यायला हात धजावला नाही म्हणून राहिलं. बाई सहज त्याच्यापुढं जाऊन बसल्या. "यावर बसू का, सर? रिकामंच हाय."

मी कागद चढवून दिला. यंत्राचं बटण कॉम्प्युटरसारखं हलकं नसतं. बोट उचलून वरून हाणावं लागतं. मनगट वर धरावं लागतं. प्रत्येक अक्षराला खट्ट आवाज. बाईंनी सावकाश एकेक अक्षर मारायला सुरुवात केली. मी खिडकीशी उभा होतो. आवाजावरून मला चाल कळते. चाल मंद होती, पण अडखळत नव्हती. जवळ जाऊन बघितलं तर 'क'ला डावं बोट उठत होतं. उजवं बोट जागेवर गप्प होतं.

मी म्हटलं, "थांबू नका. मारत राहा."

सगळी ओळ झाली. काना जिथं हवा तिथंच होता. दुसरी ओळही तशीच.

माझ्या डोक्यात तेव्हा प्रकाश पडला, लाईट यायच्या आधी. बाईंच्या बोटांनी जे पाठ केलं होतं ते त्या हलक्या, चपट्या कीबोर्डावर केलं होतं. तसला कीबोर्ड हाताखाली आला की बोटांना जुनं आठवायचं. हे धूड त्यांच्या बोटांनी जन्मात कधी बघितलं नव्हतं. इथं आठवायला काही नव्हतंच. चाकोरी पुसायची गरज नव्हती. दुसऱ्या रानातून गाडी न्यायची होती.

मी त्यांना कॉम्प्युटरला हात लावायची बंदी केली. घरचा कीबोर्ड कपाटात ठेवायला लावला. रोज यंत्रावर बसायचं. कार्यालयातून मुरुमला यायला त्यांना बस लागायची, त्या वेळेचा उपयोग करायचा म्हणून मी फोन कामाला लावला. रोज सकाळी एक उतारा मी माझ्या आवाजात, परीक्षेच्या वेगानं वाचून त्यांना पाठवायचो. बसमध्ये कानात तो लावायचा, मांडीवर डब्याची पिशवी घ्यायची आणि पिशवीवर बोटं चालवायची. मनगट वर, बोट वरून. पहिल्या दिवशी शेजारच्या म्हातारीनं विचारलं म्हणे, "काय गं बाई, पेटी शिकतीस का?" बाई म्हणाल्या, "व्हय मावशी, पोटापाण्याची." हे सांगताना त्या पहिल्यांदा माझ्यासमोर हसल्या. ज्या फोननं त्यांना आडवाटेला नेलं होतं त्याच फोननं आता मी त्यांना घरी आणत होतो, त्यामुळं माझा त्याच्यावरचा राग थोडा निवळला.

यंत्रावर हात बसल्यावर खरी अडचण पुढं होती. परीक्षा कॉम्प्युटरवर. तिथं तो चपटा कीबोर्ड पुन्हा हाताखाली येणार. मी यंत्र बाजूला सरकवलं आणि त्याच मेजावर, त्याच खुर्चीपुढं कॉम्प्युटरचा कीबोर्ड ठेवला. खाली जाडजूड रद्दी घालून तो यंत्राएवढा उंच केला. सांगितलं, "हे यंत्रच आहे असं समजा. मनगट वर धरा. हाणा." बिचाऱ्या कीबोर्डाला त्यांनी असं बडवलं की पुतण्या कासावीस झाला. पण अक्षरं बरोबर उमटत होती. मग रोज थोडी रद्दी कमी करत गेलो. शेवटी कीबोर्ड मेजावर टेकला तेव्हा बाईंना ते कळलंही नाही.

जुनं पुसलं गेलं होतं का? नाही. ते आत कुठंतरी होतंच. थकल्या की एखादा चोरटा काना यायचा. मी म्हणायचो, "आला की मनगट वर उचला, श्वास घ्या आणि पुन्हा हाणा." याहून जास्त मला काही शिकवता येत नव्हतं.

परीक्षेच्या दिवशी मी केंद्राबाहेर कडुलिंबाच्या झाडाखाली थांबलो होतो. कुणाच्याही परीक्षेला मी असा गेलो नव्हतो. पुतण्याला सांगितलं, बँकेत काम आहे. आतून बटणांचा आवाज येत होता, पण इतक्या हातांतून बाईंचा हात ओळखू येईना. वेळ संपली. पोरं बाहेर आली, हसत, बोलत, फोन उघडत. बाई सगळ्यांत शेवटी आल्या. तोंड उतरलेलं.

"पहिल्याच शब्दाला काना आला, सर."

मी विचारलं, "मग?"

"मग मनगट वर उचललं. जरा वेळ तसंच धरलं. शेजारची पोरगी धडाधडा टायपिंग करीत होती, मी आपली हात वर करून बसलेली. तिथले सर बघायला लागले. मग हाणायला सुरू केलं. पुढचं काय आठवत न्हाय, बघा. कागद संपला तवा कळलं."

पुढचं काही आठवत नाही म्हणाल्या आणि मला एकदम हलकं वाटलं. आठवत नाही म्हणजे बोटांनी केलं. तरी त्यांना तसं बोललो नाही. निकाल लागेपर्यंत तोंड बंद ठेवायचं हा धंद्याचा नियम आहे.

निकाल फोनवरच आला. प्रज्ञानं लातूरहून आधी बघितला आणि आईच्या आधी मला फोन केला. "सर, मम्मी पास!" माझा जीव भांड्यात पडला. मी जिना उतरून खाली आलो आणि समोर उभ्या रिक्षावाल्यालाच चहा पाजला. कशाबद्दल ते त्याला कळलं नाही, त्यानं विचारलंही नाही.

आणखी काही दिवसांनी भर दुपारी बाईंचा फोन आला. कार्यालयातूनच बोलत होत्या, आवाज दबका.

"सर, माझी नेमणूक कायम झाल्याचा आदेश निघाला आज."

"अरे वा! अभिनंदन!"

"साहेब म्हणाले, तुमचाच हाय, तुम्हीच टाइप करा. मी बसले. त्यात यांचं नाव होतं, सर. दिवंगत मिलिंद गायकवाड यांच्या जागी, असं. हातानं लिहायचं असतं तर माझ्यानं झालं नसतं. आजवर कुठल्या कागदावर यांचं नाव लिहायचं आलं की मी प्रज्ञाकडनं लिहून घेत होते. पण नाव कवा आलं नि कवा गेलं, कळलंच न्हाय. बोटांनी लिहून टाकलं. मी दोन ओळी पुढं गेले होते. मग परतून वाचलं आणि मग लई रडले. साहेबांनी पाणी दिलं."

आयुष्यभर केलेला धंदा तोंडी आला आणि मी विचारलं, "बाई, तपासलंत का? काही चुकलं तर नाही ना?"

"तपासलं, सर," त्या म्हणाल्या. "एकबी चूक न्हाय."